फिल्लमअप्पाला ओळखण्याचा ठराव

फिल्लमअप्पाचा चेहरा कुणाच्याही लक्षात राहत नसे. हे मी नावं ठेवायला सांगत नाही. देवानं त्याला दिलेली ती एकुलती एक इस्टेट होती. नाक नाकासारखं, डोळे डोळ्यांसारखे, कपाळ जेवढं असावं तेवढंच. एकदा आम्ही दोघं बीडहून एसटीनं येत होतो, तर अर्ध्या वाटेपर्यंत कंडक्टरनं त्याला तीनदा तिकीट विचारलं. मला एकदाच विचारलं. तिसऱ्या वेळी मीच चिडलो, पण अप्पा खुशीत होता. मला कोपरानं ढोसून म्हणाला, "बघ सचिव, ह्याला म्हनत्यात तोंड. लिहावं, पुसावं, पुन्यांदा लिहावं. मुंबईत लोक असल्या तोंडासाठी तरसत्यात."

सचिव म्हणजे मी. दिंद्रुडपासून आत, डांबरी रस्ता संपतो त्याच्याही पुढं आमचं गाव आहे आणि तिथल्या दूध उत्पादक सहकारी संस्थेचा मी जन्मभर सचिव होतो. अप्पा माझ्या हाताखाली दुधाची फॅट काढायला, म्हणजे मोजायला, होता. त्याचं नाव किसन. पुढं तो मुंबईला गेला, हिंदी सिनेमात शंभरावर कामं केली, आणि गावानं त्याला फिल्लमअप्पा हे नाव दिलं. पण ते कौतुकानं दिलं असं कुणी समजू नये. हा गडी सिनेमात असतो यावर गावाचा काडीचा विश्वास नव्हता, म्हणून ते नाव.

त्याची पहिली भूमिका मात्र मी या डोळ्यांनी पाहिली आहे. आमच्या चेअरमनची एक म्हैस होती, ती फक्त चेअरमनीणबाईंच्याच हाताला पान्हा सोडायची. बाई भावजयीच्या बाळंतपणाला सिरसाळ्याला माहेरी गेल्या आणि म्हशीनं दूध चोरलं. चेअरमननं दोन दिवस तिला गोंजारलं, पेंड चारली, शेवटी शिव्या दिल्या. तिनं लाथ घालून चरवी लवंडली. तिसऱ्या दिवशी अप्पानं बाईंचं जुनं लुगडं मागून घेतलं, अंगाला गुंडाळलं, हातात बांगड्या चढवल्या आणि बाईंच्याच त्या नाकातल्या आवाजात "सर गं भवाने, उशीर झालाय" म्हणत गोठ्यात शिरला. म्हशीनं चरवी भरून दूध दिलं. एवढ्यात मागल्या दारानं चेअरमन आले आणि पाठमोऱ्या अप्पाला म्हणाले, "आलीस व्हय? इतक्या बिगीनं कावून आलीस? भांडलीस का तिथं?" अप्पानं पदर सावरला आणि म्हणाला, "तुमची लई सय आली." पुढचं मी सांगत नाही. चेअरमन अजून हयात आहेत.

मग तो दुष्काळ आला. आधी चारा संपला, मग विहिरी आटल्या, मग लोकांनी जनावरं छावणीत नेऊन बांधली. संस्थेत सकाळ-संध्याकाळ मिळून एक कॅनसुद्धा भरेना. अप्पा फॅट काढायची नळी पुसून पुसून ठेवायचा. संचालक मंडळानं मोठा विचार करून ठराव केला की, दूध नसल्यामुळे फॅट काढता येत नाही, सबब श्री. किसन यांस दूध येईपर्यंत बिनमुदत रजा देण्यात यावी. त्या रजेवर तो मुंबईला गेला. पुढं पाऊस झाला, दूध आलं, दुसरा माणूस लागला, पण ती रजा रद्द करायचं कुणाला सुचलंच नाही. कागदोपत्री अप्पा शेवटपर्यंत आमचा रजेवरचा कर्मचारी राहिला.

मुंबईत तो एका स्टुडिओत सेटवरचं सामान वाहायला लागला. एके दिवशी मुडदा झालेला नट सारखा शिंकायला लागला म्हणून याला तिथं झोपवलं. अप्पा पडला तो हललाच नाही. पाच तास. डायरेक्टर घाबरून स्वतः बघायला आला. अप्पा मला म्हणायचा, "त्यात काय अवघड हाय सचिव? छावनीत लिंबाखाली आपुन दुपारभर पडायचो तसा पडलो. फकस्त माश्या हानल्या न्हाईत." त्या मुडद्यावरून त्याला दुसरा मुडदा मिळाला, दुसऱ्यावरून जखमी माणूस, मग बोलणारा जखमी, आणि मग गाडी सुरूच झाली. जेलर, जज्ज, पोस्टमन, पुजारी, चष्मा काढून मान हलवणारा डॉक्टर, हिरॉईनचा आंधळा मामा. आमच्याकडची निजामी वळणाची हिंदी त्याच्या जिभेवर आधीपासून होतीच. ती वाकवून तो पंजाबी करी, बंगाली करी, लखनौकडची करी.

हे सगळे लोक तो आणत कुठून होता, ते मला एकट्याला ठाऊक होतं. गावी आला की तो संस्थेच्या पायरीवर बसून येणाऱ्याजाणाऱ्याकडे बघत राही. जेलरची चाल चेअरमनची होती, हात मागं बांधून, पोट आधी आणि माणूस मागून. आंधळ्या मामाचा खोकला धोंडिबा धनगराचा होता. एका करोडपती बाईचा दिवाण त्यानं केला, तो जीभ बाहेर काढून हिशेब करायचा. तो मी होतो. सगळं गाव त्यानं पडद्यावर नेऊन ठेवलं आणि गावाला पत्ता नाही. जेलर आला तेव्हा चेअरमन शेजारी बसून मला म्हणाले, "कसला माजलेला चालतोय बे हा!"

ती सिरसाळ्याची गोष्ट. त्याचा तो जेलरचा सिनेमा तिथल्या पत्र्याच्या टॉकीजात लागला, तेव्हा बाजाराच्या दिवशी दुपारच्या खेळाला आम्ही दुधाच्या टेम्पोतून सगळे गेलो. अप्पाची आई, जिला गावच माय म्हणतं, ती पुढं ड्रायव्हरजवळ बसली होती. नवं लुगडं नेसून, हातात नारळ घेऊन. लेक दिसला की फोडायचा म्हणून. सिनेमा संपला. दिवे लागले. नारळ तसाच. परत येताना टेम्पोत भांडणं लागली. कुणी म्हणे तो टांगेवाला होता, कुणी म्हणे नाचात मागून तिसरा होता. मी ओरडून सांगत होतो, "अरे, जेलर! जेलर!" तर सगळे माझ्यावर हसले. मायनं एवढंच म्हटलं, "मपल्याला तर कुठंच दिसला न्हाई बाई." नारळ तिनं पुन्हा घरी नेला.

दिवाळीला अप्पा घरी आला तेव्हा मायनं त्याला जेवू घातलं, पाठीवरून हात फिरवला आणि माझ्यादेखत म्हणाली, "किसना, हाटेलात कपबशा इसळत असशील तर तसं सांग बाबा. कामाची काय लाज? पर मला खोटं सांगू नगंस." शंभर तऱ्हेचे चेहरे करणारा माणूस, पण तेव्हा त्याला एकही सुचला नाही. त्या दिवसापासून त्याला दुसरं काही नको होतं. पेपरात फोटो नको, बक्षीस नको. मायनं एकदा पडद्याकडं बोट करून 'हा माझा किसन' म्हणावं, बस्स.

मी पडलो सहकारातला माणूस. माझ्याजवळ कुठल्याही दुखण्यावर एकच औषध, ठराव. आमच्या वार्षिक सभेला गणपूर्ती कधी होत नसे. म्हणून मी एका वर्षी माजलगावहून रंगीत टीव्ही आणि व्हिडिओ भाड्यानं आणला आणि दवंडी दिली की सकाळचं दूध संकलन झालं की सभा आणि सभेनंतर सिनेमा. पोती लावून खिडक्या बंद केल्या. गणपूर्ती तर झालीच, वर माणसं कॅनांवर बसली. सिनेमात अप्पा लांब नाकाचा पारशी वकील झाला होता. शेवट झाल्यावर मी उठून विषय मांडला, "सदर सिनेमातील वकील हे आपल्या संस्थेचे रजेवरील कर्मचारी श्री. किसन हेच आहेत, असे ही सभा जाहीर करते." अप्पा मागं कोपऱ्यात बसला होता. नव्या सुनेसारखा खाली बघत.

चेअरमन म्हणाले, "साक्षीदार कोन?" सगळ्यांनी धोंडिबाकडं पाहिलं. धोंडिबा दोनशे मेंढरं तोंडावरून ओळखतो. दुसऱ्याच्या कळपात गेलेलं कोकरू चार महिन्यांनी मोठं झाल्यावर त्यानं परत आणलं आहे. तो टीव्हीजवळ गेला, मग अप्पाजवळ आला, त्याची हनुवटी धरून तोंड इकडं केलं, तिकडं केलं, कानामागं पाहिलं, आणि परत जागेवर जाऊन बसला. "न्हाई," तो म्हणाला. "ह्यो येगळा हाय. कानाच्या खाचेचा फरक हाय."

मतदान झालं. माय स्वतः सभासद होती, तिच्या गाईचं दूध संस्थेला येत होतं. बाजूनं हात वर करा म्हटल्यावर माझा आणि चेअरमनीणबाईंचा, एवढे दोनच हात आले. विरुद्ध म्हटल्यावर बाकीचे सगळे आले आणि त्यात मायचाही. मी म्हटलं, "माय, अगं तुपला लेक हाय त्यो!" ती म्हणाली, "सचिव, नऊ म्हयनं पोटात वागवलाय मी. मपल्या लेकाला मी वळखनार न्हाई व्हय? उगंच लोकाच्या मानसाला माझा कसं म्हनू?" ठराव नामंजूर. इतिवृत्तात माझ्याच हातानं लिहिलं, वर सही केली. रागाच्या भरात कागद फाटेस्तोवर दाबून सही केली.

एकदा नामंजूर झालेला विषय पुढल्या सभेपर्यंत घेता येत नाही, असा चेअरमननं नियम काढला. त्यामुळे दर वर्षी सभा, दर वर्षी सिनेमा, दर वर्षी ठराव. अप्पा मुंबईची कामं सोडून सभेला येई. आमच्या सभेला शेजारच्या गावांहून लोक यायला लागले, त्यांना मत नव्हतं तरी. एका वर्षी वाटलं, आता झालंच. त्या सिनेमात अप्पा चक्क आमच्यासारखाच कुणबी झाला होता. स्वतःचं धोतर, स्वतःचा पटका, बोलीसुद्धा आमचीच. अख्ख्या सभेनं एकमुखानं सांगितलं की हा मुंबईचा कुणीतरी बनेल माणूस आहे, याला औत धरता येत नाही. अप्पा मला बाहेर म्हणाला, "सचिव, औत धरताना माझा हात खराच वाकडा पडतो बे. मपले वडील जित्ते हुते तवा ह्याच्यावरून बोलायचे."

मी एकदा त्याला सुचवलं, "लेका, एखाद्या सिनेमात जरा तुझं तू राहा की. गालावर तीळ लाव. मायला आधी सांगून ठेवू, तीळ दिसला की हात वर कर." तो माझ्यावर असा उखडला की विचारू नका. "आन् ती तिळाला वळखील का मला? आन् मग त्या पात्रानं काय करायचं? त्याच्या तोंडावर माझा तीळ कावून?" दोन दिवस माझ्याशी बोलला नाही. दूध प्यायला तेही दुसऱ्याच्या घरी.

मग आला तो दुसरा मोठा दुष्काळ. गावात टँकर एक दिवसाआड. लोकांच्या तोंडचं हसू गेलेलं. यंदा सिनेमा नको असं चेअरमन म्हणत होते, पण बायकाच म्हणाल्या की तीन तास डोक्यातनं टँकर जाऊ द्या. त्या वर्षीच्या सिनेमात अप्पा दिल्लीचा कारखानदार होता. पांढरे केस, रेशमी झगा, हातात चिरूट, आवाज खर्जातला. मीसुद्धा त्याला पहिली दहा मिनिटं ओळखलं नाही. एका प्रसंगात त्याचा मुलगा घर सोडून जातो. शेठजीला धक्का बसतो. नोकर पाण्याचा ग्लास आणून देतो. शेठजी अर्धं पाणी पितो, मुलगा गेला त्या दाराकडं बघत उठतो, आणि उरलेलं पाणी खिडकीतल्या कुंडीत ओततो. ग्लास पालथा करून शेवटचा थेंबही झटकतो. मग खुर्चीत कोसळतो.

"थांबव!" माय ओरडली. "मागं घे. पुन्यांदा दाव."

मी मागं घेतलं. पुन्हा तेच. अर्धा ग्लास, दार, कुंडी, थेंब. आमच्याकडं पाणी फेकत नाहीत. पाहुण्यानं तांब्यात घोटभर ठेवलं तर ते तुळशीला जातं, नाहीतर कोंबड्यांच्या थाळीत. हे कुणी शिकवत नाही, हात आपोआप जातो.

माय उठून टीव्हीपाशी गेली आणि काचेवर बोट टेकवलं. "त्यो किसन हाय."

"कशावरनं?" चेअरमन म्हणाले.

"कशावरनं म्हंजी? लेक घर सोडून चाललाय, जीव जायची येळ आलीया, आन् ह्याचं ध्यान पाण्यात! दिल्लीचा शेठ असं करतो व्हय? मी लावलंय त्याला हे वळन. चार वर्साचा हुता तवा पाणी सांडलं म्हून मारलतं मी त्याला." धोंडिबा कपाळावर हात मारून म्हणाला, "आरं, मी कान बघत बसलो!" ठराव एकमतानं मंजूर झाला. त्या वर्षी माझी सही इतकी सुरेख आली की अजून कधी कधी ती काढून बघतो.

सगळे वळून अप्पाकडं बघायला लागले तर तो जागेवर नव्हता. बाहेर रिकाम्या कॅनांमागं उकिडवा बसला होता. हसत होता आणि डोळ्यांतनं धारा लागल्या होत्या. म्हणाला, "सचिव, मेलो बे. घोटाळा झाला. शेठ पाणी ओतत नसतो, टेबलावर ठेवून देतो. डायरेक्टरच्या ध्यानात आलं न्हाई, माझ्याबी आलं न्हाई. आख्ख्या जिंदगीत एकडाव चुकलो, आन् तेवढ्यातच तिनं धरलं मला!" मीही शेजारी बसून रडून घेतलं. तेवढ्यात माय काठी टेकत आली. त्याच्यापुढं उभी राहिली. "म्हंजी कपबशा न्हाईस इसळत तू," ती म्हणाली. "न्हाई माय." "इतकी वर्सं खरं बोलत हुतास." "व्हय माय." मायनं त्याचं डोकं पोटाशी धरलं आणि मग आम्हा दोघांनाही एकदमच झापलं की नारळ खवट झाला असेल आता, इतका उशीर कशाला केलात म्हणून.

अप्पा त्यानंतर सात-आठ वर्षं जगला. मुंबईतच गेला, मेकअप करून खुर्चीत बसलेला असताना. पेपरात चार ओळींची बातमी आली आणि वर फोटो छापला तो दुसऱ्याच एका नटाचा. त्या बिचाऱ्याच्या घरी म्हणे दिवसभर लोक हार घेऊन येत होते. अप्पाला हे कळलं असतं तर तो आनंदानं नाचला असता. मला मात्र त्या दिवशी हसू आलं नाही. मी तो पेपर चुलीत घातला.

मायनं लेकाचं सगळं धीरानं केलं. तेराव्यानंतर मात्र ती दुपारी संस्थेत येऊन बसायला लागली. आता संस्थेचा स्वतःचा टीव्ही होता, त्यावर जुने हिंदी सिनेमे लागत. ती पडद्याजवळ पोतं टाकून बसायची आणि मधेच म्हणायची, "त्यो बगा किसन." कधी खरंच तोच असायचा. बऱ्याचदा नसायचा. डोळ्यांत फूल पडून तिला अंधुक दिसायचं. एकदा धोंडिबा बोलून गेला, "माय, त्यो न्हाई गं. किसन गेला आता." ती म्हणाली, "गेला ते मला कळतंय. खुळी न्हाई मी. पर ह्याच्यात त्यो हाय का न्हाई? इतकी वर्सं म्होरं असून मी त्याला न्हाई न्हाई म्हनले. आता व्हय म्हनू द्या की मला." त्या दिवशी ती घरी जाऊन उपाशीच झोपली. धोंडिबा आठवडाभर मेंढरांशीसुद्धा नीट बोलला नाही.

वार्षिक सभेत आयत्या वेळच्या विषयात धोंडिबा उठला. जन्मात पहिल्यांदा त्यानं ठराव मांडला. त्याला लिहिता येत नाही, म्हणून त्याचं बोलणं मी कागदावर घेतलं: "आपल्या संस्थेच्या सभासद माय या सिनेमात ज्या इसमाकडे बोट दाखवतील तो इसम किसनच आहे, असे सर्व सभासदांनी समजावे व तसे बोलावे." अनुमोदन चेअरमननं दिलं. विरुद्ध कुणी आहे का, असं मी नियमाप्रमाणे विचारलं. कुणी नव्हतं.

सभा संपल्यावर कुणीतरी टीव्ही लावला. पडद्यावर विशीतला एक पोरगा हवालदाराच्या वेषात दाराशी उभा होता, काटकुळा, गालफडं बसलेला. मायनं मान पुढं काढून बराच वेळ पाहिलं आणि म्हणाली, "किसन लई वाळलाय रं."

धोंडिबा उठला, पडद्यापाशी गेला, वाकून त्या पोराला नीट निरखून पाहिलं.

"व्हय माय," तो म्हणाला. "वाळलाय खरा."